खुनी कोण हे न सांगता: किशोर-तरुणांच्या रहस्य-थरार कादंबरीचं परीक्षण कसं लिहावं

खुनाच्या रहस्यकथेचं परीक्षण लिहिताना अडचण एकच असते, पण मोठी असते. कादंबरीचा खरा कस शेवटच्या चाळीस-पन्नास पानांत लागतो आणि नेमकी तीच पानं आपल्याला उघड करता येत नाहीत. म्हणून बरीच परीक्षणं अर्धं कथानक सांगून ‘पुढे काय होतं ते वाचाच’ म्हणत थांबतात. काही ‘शेवट पटला नाही’ असा निकाल देतात, पण का पटला नाही ते सांगत नाहीत. दोन्हींतून वाचकाच्या हाती काही लागत नाही. शेवट न उघडता शेवटाबद्दल नेमकं बोलता येतं. त्याची तयारी मात्र पुस्तक हातात घेतल्यापासून करावी लागते.

वाचताना ठेवायची नोंद

पुस्तकात एक कोरा कागद ठेवा आणि चार ठिकाणी थांबा: पाव पुस्तक झाल्यावर, निम्मं झाल्यावर, पाऊण झाल्यावर आणि उलगडा सुरू होण्याच्या अगदी आधी. प्रत्येक वेळी दोन-तीन ओळी लिहा. आत्ता संशय कोणावर आहे, कशावरून आहे आणि कोणाला आपण यादीतून काढून टाकलंय. नंतर या ओळींत काहीही बदलू नका. खुनी कळला की ‘मला आधीच वाटलं होतं’ असं प्रत्येकाला वाटायला लागतं, आणि लिहून ठेवलेलं नसेल तर ती आठवण तपासायला काहीच उरत नाही.

यातला ‘कशावरून’ हा रकाना सगळ्यात महत्त्वाचा. साक्षीतली विसंगती लक्षात आल्यामुळे खुनी ओळखता आला, तर लेखकाने धागे प्रामाणिकपणे पेरलेत आणि कोडं जरा सोपं आहे. पण ‘या पात्राला कथेत दुसरं काही कामच नाही, मग ते आहे कशाला?’ या विचाराने ओळखता आला, तर दोष रचनेचा आहे. दोन्हींत अंदाज बरोबरच निघतो, तरी परीक्षणातलं मत अगदी वेगळं होतं.

समासात तीन प्रकारच्या खुणा करा: वेळ किंवा तारीख सांगणारं वाक्य, आधीच्या जबाबाशी न जुळणारं वाक्य आणि गरजेपेक्षा जास्त बारकाईने वर्णन केलेली वस्तू. ई-बुकवर अक्षरांचा आकार बदलला की पानंही बदलतात, तेव्हा पानाऐवजी प्रकरणाचा आकडा लिहा. या प्रकारच्या कादंबऱ्यांत चॅट, पोलिसांचे जबाब, पॉडकास्टची संहिता, डायरीची पानं असा मजकूर मधेमधे येतो. वाचक तो भराभर उलटतात. लेखकांना ते ठाऊक असतं, आणि महत्त्वाचा धागा पुष्कळदा तिथेच दडवलेला असतो.

दुसरं वाचन

पुस्तक संपल्यावर लगेच लिहायला बसू नका. सगळं पुस्तक पुन्हा वाचायची गरज नाही. प्रेत सापडतं ते प्रकरण, खुन्याचे सगळे प्रसंग आणि खुणा केलेली पानं एवढंच वाचा. दीड-दोन तास पुरतात. हे वाचन टाळून लिहिलेलं परीक्षण बहुधा उलगड्याच्या धक्क्याबद्दल असतं, पुस्तकाबद्दल नसतं.

पहिला प्रश्न न्यायाचा: लेखक वाचकाशी सरळ वागलाय का? इंग्रज रहस्यकथाकार रोनाल्ड नॉक्स यांनी 1929 मध्ये रहस्यकथेसाठी दहा नियम मांडले. त्यांतले बरेच आता सैल झाले आहेत. गुप्त वाट एकापेक्षा जास्त नको, यावर आज कोणी अडून बसणार नाही. दोन मात्र पक्के धरावेत. गुन्हेगार कथेत लवकर दिसला पाहिजे, आणि शोध घेणाऱ्याच्या हाती लागलेला प्रत्येक पुरावा वाचकालाही तेव्हाच दिसला पाहिजे. नायिका चिठ्ठी वाचते, ‘आता सगळं लक्षात आलं’ म्हणते आणि चिठ्ठीत काय होतं ते तीन प्रकरणांनी कळतं, ही लपवाछपवी आहे. परीक्षणात ती नोंदवायलाच हवी.

निवेदन प्रथमपुरुषी असेल, किंवा आलटून पालटून वेगवेगळ्या पात्रांचं असेल, तर आणखी एक गोष्ट तपासा. निवेदक गप्प राहिला की खोटं बोलला? ‘त्या रात्रीबद्दल मी कोणाशी बोलले नाही’ हे गप्प राहणं झालं, ते चालतं. मनातल्या मनात ‘त्या रात्री काय झालं मला माहीतच नाही’ असं म्हणणारी व्यक्ती पुढे सगळं जाणून असल्याचं निघालं, आणि त्याचं कारणही दिलं नाही, तर तो वाचकाशी खोटेपणा आहे.

मग चकवे, म्हणजे वाचकाचा संशय भलत्याच पात्राकडे वळवणाऱ्या गोष्टी, पाहा. प्रत्येक संशयिताच्या नावापुढे लिहा की तो संशयास्पद का वागत होता. चांगल्या चकव्याला स्वतःचं कारण असतं: मुलगा खोटं बोलतो, कारण तो खुनी नसला तरी परीक्षेचा पेपर चोरणाऱ्यांत होता. कच्च्या चकव्यात पात्र फक्त दचकतं, फोन लपवतं, वाक्य अर्धवट सोडतं, आणि त्याचा खुलासा शेवटपर्यंत होत नाही. असे दोन-तीन निघाले तर मधला भाग कशामुळे ताणलेला वाटला ते कळतं.

घटनाक्रम कागदावर उतरवा. खुनाच्या आधीचे आणि नंतरचे बारा तास पुरे. कोण कुठे होतं, हे कोणी सांगितलं, एका जागेहून दुसऱ्या जागी पोचायला किती वेळ लागतो. पुष्कळ कादंबऱ्या इथेच घसरतात, कारण संपादनात एखादा प्रसंग सोमवारवरून बुधवारी सरकतो आणि त्याच्याशी जोडलेले दोन जबाब तिथेच राहतात. घसरण उलगड्याला धक्का लावत असेल तरच परीक्षणात घ्या. शाळेची सुट्टी एक दिवस चुकली म्हणून गुण कापू नयेत.

तांत्रिक बाजूही पाहा, कारण या चुका ठराविक असतात. क्लोरोफॉर्मचा रुमाल नाकाला लावताक्षणी माणूस कोसळत नाही, त्याला काही मिनिटं लागतात. डोक्यात फटका बसून कोणी तासभर बेशुद्ध राहिला तर ती मेंदूची गंभीर इजा आहे. तो उठून पळत सुटणार नाही. प्रेताच्या तपमानावरून मृत्यूची वेळ काही तासांच्या टप्प्यात सांगता येते, ‘नऊ वाजून दहा मिनिटांनी’ अशी नाही. मोबाइल टॉवरच्या नोंदीवरून फोन कोणत्या परिसरात होता ते कळतं, कोणत्या खोलीत होता ते नाही. संपूर्ण उलगडा अशा एखाद्या चुकीवर उभा असेल तर तो मोठा दोष. वातावरणापुरती चूक असेल तर एक ओळ पुरे.

वाचक कोण आहे ते विसरू नका

हे साहित्य साधारण बारा ते अठरा वर्षांच्या वाचकांसाठी असतं आणि मुख्य पात्रं बहुधा पंधरा ते अठराची. अमेरिकेतल्या रहस्यलेखकांच्या संघटनेच्या एडगर पुरस्कारांत 1989 पासून या वयोगटासाठी वेगळा विभाग आहे. मोठ्यांच्या रहस्यकथेची लहान आवृत्ती म्हणून याकडे पाहू नये. सोळा वर्षांची मुलगी उतावीळपणा करते, मैत्रिणीवर नको तितका विश्वास ठेवते, हा दोष नाही. तिच्या चुका तिच्या स्वभावातून आल्यात की कथानक पुढे ढकलायला तिला मुद्दाम बावळट केलंय, हे पाहायचं.

सगळ्यात अवघड प्रश्न मोठ्या माणसांचा. ही मुलं पोलिसांकडे किंवा आईवडिलांकडे का जात नाहीत? संशय स्वतःच्या भावावर आहे, पोलिसांनी प्रकरण आधीच बंद केलंय, सांगितलं तर आपलंच गुपित फुटेल, ही पटणारी कारणं आहेत. मोठी माणसं नुसतीच घरात नसतात, हे कारण नाही. तसंच शवविच्छेदनाचा अहवाल किंवा सीसीटीव्हीचं चित्रण मुलांच्या हाती कसं आलं? दर वेळी कुणाची तरी मावशी त्याच कचेरीत कामाला निघत असेल तर लिहा.

मेलेल्या व्यक्तीला पुस्तकात किती जागा आहे, याकडे परीक्षणांत फार कमी लक्ष दिलं जातं. ते द्यायलाच हवं. बळी पुष्कळदा एखादी मुलगी असते. ती नुसती कोड्याची सुरुवात आहे, की तिच्या आवडी, तिचा राग, तिचं चुकणंही आपल्याला कळतं? तिच्या मैत्रिणींना दुःख करायला एखादं तरी पान मिळतं? तरुण वाचकाला पुस्तक मृत्यूबद्दल काय सांगतं ते इथे ठरतं, आणि यासाठी काहीही उघड करावं लागत नाही.

आत्महत्या, लैंगिक अत्याचार, अमली पदार्थ, स्वतःला इजा करणं असे विषय असतील तर परीक्षणाच्या वर सूचना द्या. या सूचनेत विषयाचं फक्त नाव असावं, पद्धतीचं वर्णन नको. कधीकधी सूचनेतूनच खुनामागचं कारण फुटतं. ‘वडिलांकडून होणारा छळ’ असं लिहिलं की वाचक वडिलांकडे पाहायला लागतो. अशा वेळी वर ‘कौटुंबिक हिंसा’ एवढंच लिहा आणि तपशील झाकलेल्या, म्हणजे वाचकाने मुद्दाम उघडल्यावरच दिसणाऱ्या भागात ठेवा.

लिहायला बसल्यावर

सहाशे-सातशे शब्द पुरतात. कथानकाला त्यांतले शंभर-सव्वाशे द्या आणि पहिल्या पाव भागाच्या पुढे जाऊ नका. मलपृष्ठावर जे छापलंय ते सांगायला हरकत नसावी असं वाटतं, पण काही प्रकाशक मलपृष्ठावरच निम्मं पुस्तक सांगून टाकतात. तेव्हा मर्यादा आपल्या पाव भागाचीच धरा. बाकी शब्द धागे, वेग, पात्रं आणि भाषेवर खर्च करा.

वेगाबद्दल ‘उत्कंठावर्धक’ हा शब्द एकटा काही सांगत नाही. कुठे पकड आहे आणि कुठे सुटते ते सांगा: प्रकरणं चार-पाच पानांची आहेत का, प्रत्येक प्रकरण धक्क्यावरच संपतं का, तो धक्का पुढच्या प्रकरणाच्या पहिल्याच ओळीत विरतो का. तिसऱ्यांदा असं झालं की वाचकाचा धक्क्यावरचा विश्वास उडतो.

शेवटाबद्दल बोलताना काय घडलं ते सोडा, कसं उभं केलं ते सांगा. ‘शेवट ओढूनताणून आणलाय’ याऐवजी असं लिहिता येतं: ‘उलगडा तीन गोष्टींवर उभा आहे. दोन पहिल्या शंभर पानांत आपल्यासमोर ठेवलेल्या आहेत. तिसरी अगदी अखेरीस येते आणि नायिकेला ती शोधावी लागत नाही, आयती मिळते.’ यात एकही नाव नाही, तरी दोष स्पष्ट आहे. त्याचप्रमाणे गुन्हेगार तर्काने सापडतो की स्वतःच सगळं कबूल करत सुटतो, धोका योगायोगाने येतो की सुटका योगायोगाने होते, हेही सांगता येतं. योगायोगाने संकट आलं तर वाचक मान्य करतो, योगायोगाने सुटलं तर फसल्यासारखं वाटतं.

रहस्य बहुतेक वेळा नावाने फुटत नाही, सहज लिहिलेल्या शब्दांनी फुटतं. ‘शेवटच्या पानावरचा धक्का’ म्हटलं की वाचक आधीच्या उलगड्यावर विश्वास ठेवत नाही. ‘निवेदकावर विसंबू नका’ हे तर अर्धं उत्तरच झालं. ‘खुनी अगदी अनपेक्षित निघतो’ म्हटल्यावर वाचक सर्वांत निरुपद्रवी पात्र हेरतो. दुसऱ्या एखाद्या गाजलेल्या पुस्तकाशी तुलना केली आणि त्याची युक्ती सगळ्यांना माहीत असली, तर दोन्ही पुस्तकांचं रहस्य गेलं. पाच संशयितांपैकी चौघांबद्दल भरभरून लिहिलं आणि पाचव्याचं नावही घेतलं नाही, तर ते गप्प राहणंही बोलतं.

मराठीत तर क्रियापदच चुगली करतं. ‘खुनी शेवटी पकडली जाते’ यात निम्मे संशयित बाद झाले. ‘पकडले जातात’ मध्ये ते एकापेक्षा जास्त आहेत हे कळलं. म्हणून वाक्य माणसावरून घटनेवर न्या: ‘उलगडा होतो’, ‘सत्य बाहेर येतं’. जिवंत पात्राबद्दल ‘ती हुशार होती’ असं लिहिलं तर पुढे ती मरते की काय अशी शंका येते. पात्रांबद्दल वर्तमानकाळात लिहा.

शेवटाची चर्चा करायचीच असेल तर ती वेगळ्या, झाकलेल्या भागात करा आणि त्याच्या आधी तीन-चार ओळी रिकाम्या सोडा. शीर्षकात आणि पहिल्या दोन ओळींत काही उघड होऊ देऊ नका, कारण दुवा पाठवला की तेवढा मजकूर आपोआप दिसतो. तारे किंवा गुण देणार असाल तर कोडं, पात्रं आणि भाषा यांचे वेगवेगळे द्या. कोडं अप्रतिम आणि पात्रं पुठ्ठ्याची, हे एका आकड्यात मावत नाही. प्रत प्रकाशकाकडून भेट मिळाली असेल तर तसं स्पष्ट लिहा.

प्रसिद्ध करण्याआधी मजकूर अशा एकाला वाचायला द्या ज्याने पुस्तक वाचलेलं नाही. परीक्षण कसं वाटलं हे विचारू नका. ‘यावरून खुनी कोण असेल असं वाटतं?’ एवढंच विचारा. उत्तर बरोबर आलं तर कोणत्या वाक्यावरून आलं ते विचारून घ्या आणि ते वाक्य बदला. मग तोच मजकूर दुसऱ्या न वाचलेल्या माणसाला द्या, कारण पहिल्याला आता उत्तर माहीत आहे.