बी.आर्क.नंतर संग्रहालय: गोव्यातून या वाटेला निघणाऱ्यांसाठी

आर्किटेक्चरची पदवी (बी.आर्क.) घेऊन डिझाइन संग्रहालयाचा संचालक व्हायचं म्हणून गोव्यात ‘डिझाइन म्युझियम’ अशी पाटी शोधायला निघालात तर फिरतच राहाल. पण त्या कामाचे तुकडे आपल्याकडे चार दिशांना आहेत. पर्वरीजवळ तोर्ड्याला रस्त्यांच्या बेचक्यात जहाजासारखं उभं असलेलं तिकोनी ‘हाउसेस ऑफ गोवा’ आर्किटेक्ट जेरार्ड दा कुन्हा यांनी उभारलं आणि त्याचा विषय आहे गोव्याचं घर. बाणावलीच्या ‘गोवा चित्र’मध्ये शेतीची, स्वयंपाकघरातली, कारागिरांची अवजारं आहेत. जुन्या गोव्यात सांता मोनिका मठात ख्रिस्ती कलेचं संग्रहालय आहे, तर पिळर्णच्या औद्योगिक वसाहतीत सुबोध केरकरांचं ‘म्युझियम ऑफ गोवा’. नवख्याने या चारही ठिकाणी तिकीट काढून जावं, पण वस्तू बघायला नव्हे. वस्तू कशावर टेकवली आहे, उजेड कुठून पडतो, पाटीवर किती शब्द आहेत, राखणदाराच्या खुर्चीवरून कुठला कोपरा दिसत नाही, पावसाळ्यात भिंतीला ओल कुठवर चढते, हे टिपून आणावं. अभ्यास इथून सुरू होतो.

आर्किटेक्टने संग्रहालयात जाणं काही नवलाचं नाही. न्यूयॉर्कच्या ‘मोमा’त, म्हणजे म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टमध्ये, १९९४पासून क्युरेटर असलेल्या पाओला आन्तोनेल्ली मिलानच्या पॉलिटेक्निकमधून आर्किटेक्चर शिकल्या. लंडनच्या डिझाइन म्युझियमचं संचालकपद २००६पासून बरीच वर्षं सांभाळणारे देयान सुजिक यांचं शिक्षण आर्किटेक्चरचं, पण त्यांनी व्यवसाय कधी केला नाही. ज्यांचं मूळ गोव्याचं, त्या चार्ल्स कोरिया यांनी साबरमतीचं गांधी स्मारक संग्रहालय, दिल्लीचं क्राफ्ट्स म्युझियम आणि आपली कांपालची कला अकादमी बांधली, पण ते शेवटपर्यंत आर्किटेक्टच राहिले. हा फरक नीट ध्यानात घ्या. संग्रहालय बांधणं आणि संग्रहालय चालवणं ही दोन वेगळी कामं आहेत. आपल्या कॉलेजांत पहिलं शिकवतात.

आर्किटेक्टला जागा दिसते, वस्तू दिसत नाही. सगळी अडचण इथेच आहे, आणि या वाटेवरची पहिली पाच-सात वर्षं ती मोडून काढण्यात जातात.

शिक्षणाचा भाग सरळ आहे. आल्तिनोवरचं गोवा कॉलेज ऑफ आर्किटेक्चर, प्रवेशासाठी नाटाची परीक्षा, पाच वर्षांचा बी.आर्क., मग कौन्सिल ऑफ आर्किटेक्चरकडे नोंदणी. ही नोंदणी पुढे नकाशावर सही करायची वेळ आली नाही तरी जिवंत ठेवा. १९७२च्या आर्किटेक्ट्स कायद्याप्रमाणे तिच्याशिवाय स्वतःला आर्किटेक्ट म्हणवता येत नाही. खरी निवड चौथ्या-पाचव्या वर्षात असते. प्रॅक्टिकल ट्रेनिंग टॉवर बांधणाऱ्या ऑफिसात करण्यापेक्षा जुन्या वास्तूंची डागडुजी करणाऱ्या ऑफिसात करा. प्रबंधाला ‘कल्चरल सेंटर’ घेऊ नका. सगळेच घेतात, आणि त्यात संग्रह कुठला हे कुणी विचारत नाही. त्यापेक्षा फोंडा, डिचोली किंवा सासष्टीतलं एकच घर घ्या आणि त्याचं मोजमाप करा: प्लॅन १:५०, खिडकी १:१०, लाकडावरची नक्षी १:१. राजांगण (आतला चौक) असलेलं हिंदू घर आणि बाल्कांव (दारापुढचा बसायचा सोपा) असलेलं ख्रिस्ती घर यांच्यातला फरक प्लॅनवर चटकन कळतो. बिजागरी, कडी, कोयंडा काढायला बसलात की कारागिराचा हात कळू लागतो, आणि हवा आहे तो हाच सराव.

बी.आर्क.नंतर संग्रहालयशास्त्र शिकावंच लागतं. बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात याचा विभाग १९५२पासून आहे. मुंबईत छत्रपती शिवाजी महाराज वास्तु संग्रहालयात पदव्युत्तर पदविका मिळते आणि तिथली संवर्धन प्रयोगशाळा जवळून बघायला मिळते. इमारतींच्या संवर्धनाकडे ओढा असेल तर अहमदाबादचं सेप्ट विद्यापीठ किंवा दिल्लीचं एस.पी.ए. (स्कूल ऑफ प्लॅनिंग अँड आर्किटेक्चर). ब्रिटनमध्ये थोडक्या मुदतीच्या अभ्यासाला चार्ल्स वॉलेस ट्रस्टची मदत मिळू शकते. अर्जात ‘मला संग्रहालयांची आवड आहे’ लिहून भागत नाही, कुठल्या संग्रहातल्या कुठल्या वस्तूंवर काम करणार हे लिहावं लागतं.

एक खिडकी जवळून

शिंपल्यांची खिडकी गोव्यात सगळ्यांनी पाहिलेली असते. लाकडी पट्ट्यांच्या खाचांत चौकोनी कापलेले शिंपले एकावर एक सरकवलेले असतात. काच महाग होती तेव्हा हाच उजेड. आता अशी झडप संग्रहालयात देणगी म्हणून आली तर काय करायचं?

पुसायची नाही, हे पहिलं. शिंपला म्हणजे कॅल्शियम कार्बोनेट. लिंबू, व्हिनेगर किंवा बाजारातलं आम्लयुक्त क्लिनर लावलं की पृष्ठभागाची चमक जाते आणि ती परत येत नाही. मऊ ब्रशने धूळ झटकायची, ब्रशसमोर जाळी लावलेली व्हॅक्यूमची नळी धरायची. तुटका शिंपला बदलायला नवा मिळत नाही, कारण हा प्राणी वन्यजीव कायद्याखाली संरक्षित आहे. म्हणून सुटे तुकडेही पाकिटात, खिडकीचाच क्रमांक टाकून ठेवायचे. लाकडाला भुसा पडत असेल तर कीड जिवंत असू शकते. अशी झडप स्टोअरमधल्या बाकीच्या लाकडात नेऊन ठेवलीत तर हळूहळू सगळ्या स्टोअरला लागण. आधी वेगळी खोली, खाली काळा कागद, आणि काही आठवडे भुसा नव्याने पडतो का बघायचं.

मग आर्किटेक्टची नेहमीची चूक होते. सुंदर शोकेस बनते, तीही हात बसलेल्या मरीन प्लाय किंवा एमडीएफची. बंद पेटीत या लाकडांतून आणि त्यांच्या डिंकातून आम्लाची वाफ सुटत राहते. शिंपल्यावर पांढरी पूड धरते, शिसं गंजतं, आणि दोष दमट हवेवर जातो. पेटी पावडर कोट केलेल्या लोखंडाची किंवा काचेची करा. लाकूड वापरावंच लागलं तर आतून अॅल्युमिनियमची पातळ फॉइल लावून वाफ अडवा, आणि रंग-सीलंट सुकल्यावर तीन-चार आठवडे पेटी उघडी ठेवून मगच वस्तू आत घाला. उद्घाटनाची तारीख ठरवताना हे आठवडे कुणी धरत नाही, हा आमचा नेहमीचा त्रागा.

हवा आणि उजेड हे दोन आकडे पाठ असावेत. बुरशी साधारण ६५ टक्क्यांच्या वरच्या सापेक्ष आर्द्रतेत धरते. गोव्यात जून ते सप्टेंबर हवा त्याच्या बरीच वर असते. दिवसा एसी चालू आणि पाचला बंद, ही यावरची सर्वांत वाईट तोड: लाकूड रोज आक्रसतं, रोज फुगतं, आणि जडावकाम सुटून येतं. त्यापेक्षा जाड चिऱ्याच्या भिंतीतली खोली, दारं घट्ट, एकच डिह्युमिडिफायर पण चोवीस तास, आणि नाजूक वस्तूंच्या पेट्यांत ओल शोषणारं सिलिका जेल. त्याचा जुना ठोकताळा पेटीच्या घनमीटरला सुमारे २० किलोचा. उजेड लक्समध्ये मोजतात: कापड, कागद, जलरंगाला ५० लक्स, लाकूड आणि तैलरंगाला दीडशे ते दोनशे. कुणबी साडी ५० लक्सवर रोज आठ तास, वर्षाचे ३०० दिवस ठेवली तर वर्षाला १,२०,००० लक्स-तास होतात. लाल रंग त्यात फिका पडतोच. म्हणून तीन-चार महिन्यांनी कापड बदलायचं. त्यासाठी जोडीच्या साड्या स्टोअरमध्ये असाव्या लागतात, म्हणजेच स्टोअर मोठं लागतं.

स्टोअर. नकाशात ते जिन्याखाली किंवा तळघरात टाकलेलं सापडतं. पणजीचे पाणी साचणारे भाग आठवा आणि स्टोअर वर न्या. सर्वांत खालची फळी जमिनीपासून १५ सेंमी वर, भिंतीपासून थोडी सुटी. डांबरगोळ्या नकोत. कापडातली कीड मारायला घरगुती डीप फ्रीझर चालतो: वस्तू पॉलिथीनमध्ये हवा काढून सीलबंद, उणे १८ अंशांवर दोन आठवडे. बाहेर काढल्यावर २४ तास पिशवी फोडायची नाही, नाहीतर थंड कापडावर दव धरतं. रंगवलेलं लाकूड, हस्तिदंत, काच फ्रीझरमध्ये घालू नका.

आर्किटेक्टच्या ड्रॉइंगचा संग्रह हाती आला तर तो गुंडाळ्यांतून सोडवून सपाट खणांत ठेवा; ए-झिरो कागद ८४१ × ११८९ मिमी असतो, तेव्हा खण त्याहून मोठा. अमोनिया प्रिंट (अमोनियाच्या वाफेने काढलेल्या नकाशाच्या प्रती) वेगळ्या खणात, कारण त्या शेजारच्या कागदाला डाग पाडतात. निळ्या ब्लूप्रिंटला क्षारयुक्त ‘आर्काइव्हल’ कागद लावू नका, निळा रंग उडतो. तिला साधा, आम्ल-क्षार दोन्ही नसलेला कागद. आणखी एक: ड्रॉइंग देणगीत मिळाल्याने त्याचा कॉपीराइट मिळत नाही. तो वेगळा लिहून घ्यावा लागतो, आणि कर्त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं तो चालू असतो.

नोंदवही

संचालक होण्याच्या वाटेवर सगळ्यांत कंटाळवाणं आणि सगळ्यांत उपयोगी काम हेच. आलेल्या प्रत्येक वस्तूला एकच क्रमांक: वर्ष, त्या वर्षीची कितवी आवक, त्यातली कितवी वस्तू. २०२५.१४.३ म्हणजे २०२५ साली चौदाव्यांदा आलेल्या देणगीतली तिसरी वस्तू. क्रमांक बांधीव वहीत शाईने, खाडाखोड न करता. संगणकावर दुसरी प्रत. वस्तूवर क्रमांक थेट लिहायचा नाही: आधी पॅरालॉइड या पारदर्शक राळेचा पातळ थर, त्यावर शाई, वरून पुन्हा थर, म्हणजे उद्या काढता येतो. सोबत देणगीपत्र, मापं, फोटो, कुठून आली, कुठे ठेवली. ‘कुठे ठेवली’ हा रकाना बदलायला विसरलात की वस्तू हरवलीच म्हणा, मग ती इमारतीतच असली तरी.

याच टप्प्यावर कायदा येतो. शंभर वर्षांहून जुनी वस्तू आणि ७५ वर्षांहून जुनं हस्तलिखित १९७२च्या पुरावस्तू कायद्यात बसतं. काही प्रकारांना नोंदणी सक्तीची आहे आणि खासगी व्यक्तीला ती देशाबाहेर नेता येत नाही. गोव्याची खास अडचण घुमट या चामडं ताणलेल्या मातीच्या वाद्याची. जुन्या घुमटांवर घोरपडीचं चामडं असतं आणि घोरपड वन्यजीव कायद्याने संरक्षित आहे, त्यामुळे ‘आजोबांचं घुमट देतो’ म्हणणाऱ्याला लगेच हो म्हणू नका, आधी वन खात्याशी पत्रव्यवहार. हस्तिदंत जडवलेल्या जुन्या फर्निचरचंही तसंच.

आणि माटोळीचं काय करणार? गणेशचतुर्थीला मूर्तीच्या वर फळं-कंदमुळं टांगून सजवतात ती चौकट, म्हणजे चवथीची माटोळी, हा गोव्याच्या डिझाइनचा अस्सल नमुना, पण फळं-कंदमुळं दहा दिवसांत सुकतात. मेणाची नक्कल करून ठेवणं आम्हाला पटत नाही. लाकडी चौकट घ्या, बांधणाऱ्याचं चित्रण करा, कुठलं फळ कुठल्या रानातून येतं त्याचा तक्ता करा, आणि दर चवथीला गावातल्या माणसांकडून ती नव्याने बांधून घ्या.

मांडणी

इथे आर्किटेक्टचं पारडं जड, म्हणून थोडक्यात. वस्तूंची यादी आधी, भिंती नंतर. यादीत माप, वजन, टेकू, लक्स. दालनाचं मॉडेल १:५०, पेटीचं १:१०, आणि शेवटी पुठ्ठ्याची खरी मापाची पेटी करून तिच्यासमोर एक मूल, एक आजी आणि एक व्हीलचेअर उभी करा. चित्राचा मध्य जमिनीपासून साधारण १४५ ते १५० सेंमीवर. रॅम्प १:१२, म्हणजे जोतं ४५ सेंमी असेल तर ५.४ मीटर लांब, आणि जुन्या घरांची जोती याहून उंच असतात. पाटी ५० ते ७५ शब्दांची. गोव्यात कोकणी, मराठी, इंग्रजी अशा तीन भाषा घातल्या की भिंत भरून जाते, तेव्हा मजकूर निम्मा करा, अक्षर लहान करू नका; देवनागरीला वर-खाली मात्रा असल्याने ओळींत जास्त जागा लागते. सरावासाठी डिसेंबरात पणजीला होणारा सेरेंडिपिटी कला महोत्सव उत्तम. मांडामांडीच्या टीममध्ये शिरा, उद्घाटनाच्या नव्हे.

पैसा आणि पद

सरकारी संग्रहालयातली वरची पदं लोकसेवा आयोगातून भरली जातात. नियमांत बहुधा इतिहास, पुरातत्त्व किंवा संग्रहालयशास्त्राची पदव्युत्तर पदवी आणि अनुभव मागतात, नुसत्या बी.आर्क.वर अर्ज छाननीतच बाद होऊ शकतो. गोवा सरकारच्या भरतीत कोकणी आवश्यक, मराठी असल्यास बरं, आणि पंधरा वर्षांच्या वास्तव्याचा दाखला लागतो. खासगी किंवा ट्रस्टच्या संग्रहालयात पदवीपेक्षा केलेलं काम बघतात, पण तिथे पगाराचा पैसा तुम्हालाच उभा करावा लागतो.

त्यासाठी ट्रस्ट किंवा सोसायटीची नोंदणी, आयकर खात्याकडे धर्मादाय संस्था म्हणून नोंदणी आणि देणगीदाराला करसवलत मिळवून देणारी मान्यता, कंपन्यांचा सीएसआर (सामाजिक जबाबदारीचा) निधी घ्यायचा तर सीएसआर-१ फॉर्म, परदेशी देणगीला एफसीआरए कायद्याखालची परवानगी. सीएसआरच्या यादीत वारसा आणि कला बसतात. मात्र देणगीदाराला फीत कापता येईल असं दालन हवं असतं. डिह्युमिडिफायरचं वीजबिल आणि राखणदाराचा पगार कुणालाच नको असतो. म्हणून प्रस्ताव लिहिताना दालनाच्या खर्चातच पाच वर्षांची देखभाल धरा आणि ती वेगळी ओळ करू नका, नाहीतर तीच ओळ आधी कापली जाते.

मुलाखतीला पोर्टफोलिओ नेताना थ्रीडी चित्रं मागे ठेवा. पुढे असावं: एका वस्तूचा कंडिशन रिपोर्ट (तिच्या स्थितीची बारकाईने केलेली नोंद), एका प्रदर्शनाची वस्तूंची यादी, एक अंदाजपत्रक आणि त्यापुढे प्रत्यक्ष झालेला खर्च. हमखास एक प्रश्न येतो: इमारतीचं पुढचं काम तुमच्याच ऑफिसला द्याल का? आयकॉम या संग्रहालयांच्या आंतरराष्ट्रीय परिषदेच्या आचारसंहितेत हितसंबंधांची गुंतागुंत स्पष्ट शब्दांत टाळायला सांगितलं आहे, आणि संचालकाने संग्रहालयाच्या विषयातल्या वस्तूंचा व्यापार करायचा नसतो. तेव्हा फर्ममधली भागीदारी सोडल्याचं किंवा त्या निर्णयांतून लेखी बाजूला राहणार असल्याचं पत्र तयार ठेवून जा.