ग्रीक राज्यव्यवस्थेवर उत्तर लिहिताय? या चुका टाळा

राज्यशास्त्र शिकवायला लागून मला 22 वर्षं झाली. पेपर बदलतात, मुलं बदलतात, ग्रीकांच्या प्रश्नातल्या चुका मात्र त्याच राहतात. मुलं हुशार असतात, पण घाईत असतात. हा धडा म्हणजे नुसती पार्श्वभूमी असं धरून दोन पानांच्या नोट्स पाठ करतात आणि पुढे पळतात.

मला सगळ्यात जास्त छळणारं वाक्य म्हणजे ‘अथेन्सचे नागरिक मतदान करून 500 प्रतिनिधी निवडत.’ माझी एक चांगली विद्यार्थिनी तोंडी परीक्षेत हेच बोलून आली. समोरच्या बाईंनी शांतपणे विचारलं, "मग एका माणसाला आयुष्यात दोनदाच या मंडळावर बसता येईल, असा नियम कशासाठी होता?" तिला काही सुचेना. बाहेर आल्यावर डोळ्यांत पाणी आणून म्हणाली, "सर, नोट्समध्ये तसंच होतं." बाजारात मिळणाऱ्या त्या नोट्स मी पाहिल्या. खरंच तसंच होतं.

हे 500 जणांचं मंडळ म्हणजेच बुले. अथेन्सचा सुधारक पुढारी क्लेइस्थेनीस याने इ.स.पू. 508 च्या सुमारास नागरिकांच्या 10 जमाती पाडल्या आणि प्रत्येकीतून 50 जण घ्यायची पद्धत बसली. पुढे हे सदस्य सोडतीने ठरत. मतं मागून तेच लोकप्रिय चेहरे पुन्हा पुन्हा येऊ नयेत आणि कारभार आळीपाळीने सगळ्यांच्या हातून जावा, हा त्यामागचा विचार. एकेका जमातीचे 50 जण वर्षाचा दहावा हिस्सा रोजचं काम पाहत. त्यांच्यातला एक जण सोडतीने एक रात्र आणि एक दिवस अध्यक्ष होई. खजिना असलेल्या देवळांच्या किल्ल्या आणि राज्याची मोहोर तेवढा वेळ त्याच्याकडे. हा मान आयुष्यात एकदाच.

न्यायसभेच्या, म्हणजे खटल्यांचा निकाल देणाऱ्या नागरिकांच्या सभेच्या, सोडतीचं दगडी यंत्र तर डोळ्यांसमोर आणाच. उभी शिळा, तिच्यावर ओळीने खाचा. नागरिक आपल्या नावाची पट्टी खाचेत बसवायचा. बाजूच्या नळीतून काळे-पांढरे गोटे एकेक करून खाली यायचे. पांढरा आला की ती आडवी रांग आत, काळा आला की अख्खी रांग घरी. तुकडा का होईना, हे यंत्र आजही अथेन्सच्या संग्रहालयात आहे. एकदा त्याचा फोटो पाहिला की ‘मतदान’ हा शब्द लिहिताना हात आपोआप थांबतो.

निवडणूक होती ती मुख्यतः 10 सेनापतींची, आणि तिथे पुन्हा निवडून येण्यावर बंदी नव्हती. पेरिक्लीस वर्षानुवर्षं पुढारी राहिला तो याच पदावरून. त्याला ‘राष्ट्राध्यक्ष’ लिहू नका, इ.स.पू. 430 मध्ये लोकांनी त्यालाही पदावरून काढून दंड केला होता.

माझी सवय सांगतो. कुठलंही पद वाचलं की वहीत तीनच गोष्टी लिहायच्या: कोण बसू शकतो, सोडत की निवड, किती दिवस. तक्ते पाठ करण्यापेक्षा हे कितीतरी बरं.

दुसरी चूक हद्दपारीची. ‘गुन्हेगाराला खापरावर नाव लिहून हाकलत’ असं लिहितात. त्यात गुन्हा नसे, आरोप नसे, बचावाचं भाषणही नसे. कुणाला बाहेर काढायचं त्याचं नाव फुटक्या मडक्याच्या खापरावर लिहून मत द्यायचं. यंदा हे मतदान घ्यायचं का, हे नागरिकांची सभा वर्षातून एकदा ठरवी. मग 6000 खापरं पडावी लागत. ज्याचं नाव निघे तो 10 वर्षं बाहेर. घरदार, जमीन त्याचीच राही. पण हे निव्वळ जनमत होतं असंही समजू नका. अथेन्समधल्या अक्रोपोलिस टेकडीच्या उत्तर उतारावरच्या एका विहिरीत थेमिस्टोक्लीस या पुढाऱ्याच्या नावाची सुमारे 190 खापरं सापडली आणि अक्षर पाहिलं तर ती मोजक्याच हातांनी लिहिलेली. कुणीतरी वाटायला आधीच तयार करून ठेवली असावीत, असं अभ्यासक मानतात. पुस्तकातल्या चार ओळींपेक्षा हा ढीग अथेन्सचं राजकारण जास्त शिकवतो.

बाकीच्या चुका पटकन सांगतो. ‘ग्रीस देशाची राज्यघटना’ लिहू नका. शेकडो नगरराज्यं होती, प्रत्येकाची तऱ्हा वेगळी. स्पार्टाला नुसती राजेशाही म्हणू नका: राजे दोन, ज्येष्ठांची सभा आणि दरसाल निवडलेले 5 एफोर, म्हणजे देखरेख करणारे अधिकारी. ‘टायरंट’ म्हणजे क्रूरच असं नाही. बेकायदा सत्ता घेणारा तो टायरंट. अथेन्सचा टायरंट पिसिस्ट्राटस याच्या कारभाराबद्दल खुद्द ग्रीकांनीही बरं लिहिलंय. अ‍ॅरिस्टॉटलने राज्यव्यवस्थांचे सहा प्रकार केले, तीन चांगले आणि तीन बिघडलेले; त्यांत लोकशाही बिघडलेल्या तिघांत येते. सुधारून चांगल्या रकान्यात टाकू नका. आणि ‘सगळे नागरिक’ लिहाल तिथे बायका, गुलाम आणि बाहेरून येऊन राहिलेले वगळले होते, हे त्याच वाक्यात लिहा.

‘सरकारने सॉक्रेटिसला मारलं’ हेही नको. इ.स.पू. 399 मध्ये निकाल दिला तो शेकडो साध्या नागरिकांच्या न्यायसभेने. खटला भरणारे मेलेटस, अ‍ॅनिटस आणि लायकॉन हेही नागरिकच. सरकारी वकील असं पदच तिथे नव्हतं.