शीआनला प्रायव्हेट डे टूर घेताय? मग या चुका टाळा

नोकरीच्या निमित्ताने त्या भागात राहिल्यामुळे चीनमधल्या शीआनला जाणारी ओळखीची मंडळी मला प्लॅन पाठवतात आणि "बघ गं जरा" म्हणतात. प्लॅन बहुतेक एकच असतो. सकाळी टेराकोटा आर्मी, म्हणजे सम्राटाच्या समाधीजवळ पुरलेली मातीच्या सैनिकांची फौज, मग हुआछिंग पॅलेस, मग बिग आणि स्मॉल वाइल्ड गूस हे दोन्ही पॅगोडा, शान्शी हिस्ट्री म्युझियम, शहराची तटबंदी, मोठी मशीद, मुस्लिम स्ट्रीट, आणि जमलं तर फाउंटन शो. एका दिवसात. आणि त्यासाठी प्रायव्हेट गाइड आणि गाडी, म्हणजे ग्रुप टूरपेक्षा चांगले जास्त पैसे मोजून. मला खरंच वाईट वाटतं कारण प्रायव्हेट टूरचे पैसे आपण वेळ आपल्या हातात राहावा म्हणून देतो, आणि मग तोच वेळ पहिल्या मिनिटापासून विकून टाकतो.

टेराकोटा आर्मी शहरात नाहीये, हे आधी डोक्यात बसवा. ती लिंतोंगला आहे, शीआनच्या पूर्वेला साधारण 40 किलोमीटर. गाडीने एक तास जायला, एक तास यायला, गर्दी असेल तर त्याहून जास्त. आत नीट बघायचं तर तीन तास तरी लागतातच. म्हणजे अर्धा दिवस इथेच गेला. उरलेल्या अर्ध्या दिवसात दोन जागा होतात, तिसरी घुसवली की तिन्ही वाया. मी सगळ्यांना हेच सांगते, सकाळी लिंतोंग, दुपारनंतर शहरातली एक जागा, संध्याकाळी तटबंदी. बाकीचं दुसऱ्या दिवशी स्वतः मेट्रोने फिरा, शीआनची मेट्रो उत्तम आहे आणि स्टेशनांची नावं इंग्लिशमध्येपण असतात.

पासपोर्ट नंबर घाईघाईत पाठवणं

यावर मी जरा जास्तच बोलणार आहे कारण ही चूक सगळ्यात क्षुल्लक दिसते आणि सगळ्यात महाग पडते. चीनमध्ये मोठ्या जागांची तिकिटं नावावर असतात. तुमचा पासपोर्ट नंबर हेच तुमचं तिकीट, गेटवर पासपोर्ट दाखवायचा आणि आत जायचं. गाइड तुमच्याकडून नाव आणि नंबर मागतो तो यासाठी. आणि आपली लोकं काय करतात, तर फॅमिली ग्रुपवर कधीतरी टाकलेला जुना फोटो शोधून फॉरवर्ड करतात.

नाशिकचं एक कुटुंब होतं, काका-काकू, मुलगी आणि जावई, मी त्या दिवशी त्यांच्यासोबत होते. काकांचा पासपोर्ट रिन्यू झालेला, नवीन पासपोर्टला नंबर नवीन मिळतो हे जावयांच्या लक्षातच नाही, त्यांनी लॅपटॉपमधल्या जुन्या स्कॅनवरून नंबर पाठवून दिला. सकाळी गेटवर तिघं आत गेली आणि काकांच्या वेळी मशीन काही घेईना. गाइड मुलगी खरंच गुणी होती, तिने खिडकीवर जाऊन समजावलं, फोनवर नवीन बुकिंग केलं, पण सकाळचे स्लॉट संपलेले होते, दुपारचा मिळाला. काकू म्हणाल्या यांना सोडून मी आत बघणार नाही, त्या परत बाहेर आल्या. दोघं बाकावर बसून राहिली. दुपारी काका आत गेले तेव्हा पहिल्या पिटच्या, म्हणजे पुतळे सापडलेल्या पहिल्या खड्ड्याच्या, कठड्याला माणसांच्या रांगांवर रांगा, आणि काका उंचीने बेताचे. ज्या एका गोष्टीसाठी ते चीनपर्यंत आले होते ती त्यांनी लोकांच्या वर धरलेल्या मोबाइलच्या मधून बघितली. मला आजही त्याचं वाईट वाटतं.

उपाय अगदी सोपा आहे. सगळ्यांचे पासपोर्ट टेबलावर उघडे ठेवा, एकाने मोठ्याने वाचा, दुसऱ्याने टाइप करा, मग उलट करून तपासा. दहा मिनिटं लागतात. गाइडकडून बुकिंग झाल्याचा स्क्रीनशॉट मागा आणि त्यावरचा नंबर परत जुळवा. आणि त्या दिवशी मूळ पासपोर्ट जवळ ठेवा, झेरॉक्स चालत नाही, हॉटेलच्या तिजोरीत ठेवून आलात तर एक तास परत जा.

स्वस्त टूर आणि "फॅक्टरी"

दुसरी माझी कायमची तक्रार. नेटवर चार रेट बघायचे आणि सगळ्यात खालचा घ्यायचा. गाइड, गाडी, पेट्रोल, टोल, पार्किंग हे सगळं त्या रेटमध्ये बसत नसेल तर ते कुठून तरी निघणार, आणि ते दुकानाच्या कमिशनमधून निघतं. लिंतोंगच्या रस्त्यावर टेराकोटाच्या प्रतिकृती बनवणाऱ्या वर्कशॉप आहेत, तिथे साच्यातून पुतळे कसे काढतात ते दाखवतात. पंधरा मिनिटं बघायला खरंतर छान आहे. पण त्याच दारातून पुढे जेड, त्याच्या पुढे रेशमी रजया, मग लाकडी फर्निचर, मग चहा पाजायला कोणीतरी येतं, आणि बाहेर पडायचा रस्ता सगळ्या काउंटरांवरून जातो.

पुण्यातल्या माझ्या मैत्रिणीच्या आईबाबांना असंच नेलं होतं. "सरकारी फॅक्टरी आहे, खात्रीचा माल" असं सांगितलं, दीड तास तिथेच गेला. आपली माणसं भिडस्त, समोरच्याने चहा दिला, गोड बोलला, आता न घेता कसं उठायचं. शेवटी एक रजई घेतली, ती सूटकेसमध्ये मावेना. टेराकोटा म्युझियमला पोहोचेपर्यंत बारा वाजून गेले, आणि संध्याकाळी तटबंदीसाठी वेळ नाही म्हणून ती गाळली. तटबंदी गाळली, रजई आणली. हे मला सहन होत नाही.

म्हणून बुक करतानाच लेखी विचारा: दुकान किंवा फॅक्टरीचा थांबा आहे का, तिकिटं धरली आहेत का, जेवण कोणाचं, किती तास, त्यापुढे तासाला किती. टेराकोटा म्युझियमचं तिकीट 120 युआन, तटबंदीचं 54 युआन, याची स्वतः बेरीज करून बघा, मग गाइडला आणि ड्रायव्हरला काय उरतं ते कळेल. आणि गाइड लायसन्सवाला आहे ना हे विचारायला लाजू नका, चीनमध्ये त्यासाठी सरकारी परीक्षा असते, ज्याच्याकडे आहे तो आनंदाने दाखवतो. इंग्लिश बोलणारा ड्रायव्हर म्हणजे गाइड नव्हे, तो गेटवर सोडून गाडीत बसणार.

आत गेल्यावर पळत सुटणं

टेराकोटा म्युझियम साडेआठला उघडतं. त्या वेळी दारात असाल तर सरळ पहिला पिट, बाकी काही नाही. कोणी म्हणेल छोटं आधी आणि मोठं शेवटी बघा, म्हणजे मजा चढत जाते. रिकाम्या दिवशी ठीक आहे, पण गर्दीच्या सीझनमध्ये पहिला पिट दहानंतर बघण्यात अर्थ नाही. तो 230 मीटर लांब आणि 62 मीटर रुंद आहे, समोरच्या कठड्यावर फोटो काढून लोकं वळतात, आणि खरी गोष्ट मागच्या टोकाला असते. तिथे तुकडे जोडण्याचं काम चालतं, अर्धवट उभे केलेले सैनिक, कोणाला डोकं नाही, कोणाला हात नाही. हे सगळे पुतळे जमिनीतून असे उभेच्या उभे निघालेले नाहीत, जवळजवळ सगळे फुटलेल्या अवस्थेत सापडले आणि एकेक जोडत आणले. 1974 मध्ये विहीर खणणाऱ्या शेतकऱ्यांना पहिले तुकडे लागले, तेव्हापासून काम संपलेलं नाही. अंदाज 8000 च्या आसपास पुतळ्यांचा आहे आणि बराच भाग मुद्दाम खणलेलाच नाही. कारण हे पुतळे रंगवलेले होते, आणि माती बाजूला होऊन हवा लागली की रंगाखालचा लाखेचा थर काही मिनिटांत सुकून सुटायला लागतो. हे गाइडला समजावून सांगायला सांगा, यासाठीच तो घेतलाय.

मग तिसरा पिट, लहानसा, सेनापतींचं मुख्यालय समजला जातो. मग दुसरा, तिथे काचेत गुडघ्यावर बसलेला धनुर्धर आहे, त्याच्या बुटाच्या तळव्यावरची शिलाई बघायची. मागून बघा, सगळे समोरून बघतात.

आणि लिशान गार्डन सोडू नका! तुमच्या तिकिटात ते येतं, फुकट शटल बस आहे, तरी निम्मे लोक "तिथे नुसती टेकडी आहे" असं ऐकून परततात. ती टेकडी म्हणजेच चिन शी हुआंगची समाधी. इ.स.पू. 221 मध्ये ज्याने चीन एक केला त्या सम्राटाची, आणि ती अजून कोणी उघडलेली नाही. शिवाय 1980 मध्ये सापडलेले ब्रॉन्झचे दोन रथ, निम्म्या आकाराचे, प्रत्येकाला चार घोडे, प्रत्येक रथ तीन हजारांहून जास्त भागांचा, ते 2021 पासून तिथल्या वेगळ्या म्युझियममध्ये आहेत. जुने ब्लॉग वाचून गेलेली माणसं ते रथ पिटजवळच्या इमारतीत शोधत बसतात.

ह्युएन त्सांगला पाच मिनिटं

हे मराठी माणसाने तरी करू नये. बिग वाइल्ड गूस पॅगोडा म्हणजे चौकातला फाउंटन शो, रात्रीची रोषणाई आणि सेल्फी एवढंच टूरमध्ये असतं. अहो, हा 652 मध्ये बांधला तो चिनी बौद्ध भिक्षू ह्युएन त्सांगने भारतातून नेलेले ग्रंथ ठेवायला. 645 मध्ये तो 657 ग्रंथ घेऊन परत आला आणि उरलेलं आयुष्य भाषांतरात घालवलं. आणि हाच माणूस 641 च्या सुमारास आपल्याकडे, दुसऱ्या पुलकेशीच्या राज्यात येऊन गेला, महाराष्ट्राच्या लोकांबद्दल त्याने लिहून ठेवलंय की मानी आहेत, उपकार विसरत नाहीत आणि अपमानही विसरत नाहीत, आणि हर्षवर्धनालाही पुलकेशी नमवता आला नाही. आपण शाळेत हे वाचलेलं असतं. त्याच्या दारात जाऊन कारंजं बघून परत यायचं? शहरातली एक जागा निवडायची तर मी हीच निवडते. दिवसा जा, देवळाच्या आवारात शांत बसा, वर चढायचं वेगळं तिकीट असतं, गुडघे बरे असतील तर चढा. गाइडला आदल्या दिवशी मेसेज करा की आम्हाला भारताच्या प्रवासाबद्दल ऐकायचंय. चांगला गाइड तयारी करून येतो.

बाकीच्या चुका पटापट सांगते.

सोमवारी शान्शी हिस्ट्री म्युझियम ठेवणं. सोमवारी बंद असतं, आणि इतर दिवशीही फुकट असलं तरी आधी बुकिंग लागतं, ते भराभर संपतं.

1 ते 7 ऑक्टोबरमध्ये जाणं. अख्खा चीन सुट्टीवर असतो. मेच्या पहिल्या आठवड्यातही तेच.

नुसतं क्रेडिट कार्ड घेऊन फिरणं. घरूनच अलीपे, म्हणजे मोबाइलवरून पैसे द्यायचं अॅप, टाका, आपलं कार्ड जोडून ठेवा, एकदा चालतं का ते पहिल्याच दिवशी पाण्याची बाटली घेऊन बघा. थोडे रोख युआन असू द्या.

हॉटेलच्या वायफायवर व्हॉट्सअॅप आणि गुगल मॅप चालेल असं धरून चालणं. चालत नाही. रोमिंगवर चालतं, त्याची सोय निघण्याआधी करा आणि गाइडचा साधा फोन नंबर कागदावर लिहून ठेवा.

"व्हेज" एवढंच सांगणं. मांसाचे तुकडे बाजूला काढले की झालं व्हेज असं होऊ शकतं, तेल डुकराच्या चरबीचंही असू शकतं. गाइडकडून चायनीजमध्ये चिठ्ठी लिहून घ्या: मांस नाही, मासे नाहीत, प्राण्यांची चरबी नाही, मांसाचं सूप नाही, अंडं चालत असेल तर तसं. जैन असाल तर बौद्ध शाकाहारी हॉटेल मागा, तिथे कांदा-लसूणही नसतो, फक्त बटाट्याचं विचारून घ्या. मुस्लिम स्ट्रीटवर सगळीकडे मटण आणि बीफ आहे, पण लियांगपी, म्हणजे थंड नूडल्स, मसाला आणि व्हिनेगर घालून, ती मिळते आणि आपल्या जिभेला आवडते.

गाइडशी आधी न बोलणं. मेसेजमध्ये इंग्लिश सगळ्यांचं छान असतं, भाषांतराचं अॅप असतं. पाच मिनिटं कॉल करा, आईबाबांनाही बोलायला लावा, त्यांना उच्चार कळला पाहिजे.

तटबंदीवर भर दुपारी जाणं. 13.7 किलोमीटरचा घेर आहे, वर सावली जवळपास नाही. सूर्य कलल्यावर दक्षिण दरवाज्यावरून चढा, सायकल भाड्याने मिळते, पाऊस असला तर देत नाहीत. पूर्ण फेरी मारलीच पाहिजे असं नाही, रुंदी 12 ते 14 मीटर आहे, सायकल विसरलेले लोकही आरामात चालवतात.

आणि त्याच संध्याकाळी बीजिंगची किंवा शांघायची ट्रेन काढणं. हायस्पीड ट्रेन बहुतेक शीआन नॉर्थ स्टेशनवरून सुटतात, ते जुन्या शहराबाहेर लांब उत्तरेला आहे, सामानाची तपासणी असते, पासपोर्ट दाखवून आत जायचं असतं, आणि गाडी सुटायच्या काही मिनिटं आधी गेट बंद होतं. ट्रेन दुसऱ्या दिवशी सकाळची घ्या. हॉटेलची एक रात्र वाचवायला निघालेल्या माणसांना तटबंदीवरून घड्याळ बघत खाली धावताना मी बघितलंय.