मालिकेने लीप घेतल्यावर

२०१३ साली, नऊ वर्षांची असताना, मी एका मराठी मालिकेत नायिकेची मुलगी झाले. डोंबिवलीहून पहाटेची लोकल, दादरला गाडी बदलून गोरेगाव, तिथून रिक्षाने फिल्मसिटी. सोबत आई, तिच्या पिशवीत माझा डबा आणि गणिताचं पुस्तक. शॉट कधी लागेल याचा नेम नसायचा. रडायचा सीन रात्री दहालाही लागायचा आणि ग्लिसरीनने चुरचुरणारे डोळे घेऊन मी सकाळी वर्गात बसायचे.

दोन वर्षांनी मालिकेने लीप घेतला. कथा बारा वर्षं पुढे सरकली, माझ्या जागी मोठी मुलगी आली. हे आम्हाला कळलं ते आईने पुढच्या आठवड्याच्या तारखा विचारायला फोन केला तेव्हा. सेटवरच्या बाबांचा फोन येईल म्हणून मी कितीतरी दिवस वाट पाहिली. लहान मुलाची भूमिका अशीच संपते, म्हणून हे मुलाला पहिल्याच दिवशी सांगून ठेवा. आणि त्याची शाळा सुटू देऊ नका. मला तेव्हा सावरलं ते वर्गातल्या मैत्रिणींनीच.

२०१७ च्या बालकामगार नियमांत बालकलाकारांसाठी स्पष्ट तरतुदी आल्या. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांच्या वर नाही. निर्मात्याला जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी लागते. मुलाच्या कमाईतले किमान २० टक्के त्याच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत जायला हवेत. करार हातात आला की हे सगळं विचारा. विचारल्याने काम जाईल ही भीती आईलाही होती, पण मुलाच्या झोपेपुढे ती मोठी मानू नका. मानधन बहुधा तीन महिन्यांनी मिळतं, तेव्हा त्या पैशांवर घरखर्च बांधू नका. ऑडिशनसाठी कुणी पैसे मागितले तर सरळ घरी या.

तेरा ते सतरा ही वर्षं सगळ्यांत अवघड गेली. बालकलाकार म्हणून मी मोठी होते, नायिका म्हणून लहान. त्या काळात डबिंगने मला धरून ठेवलं, कारण माइकसमोर उंची कुणी पाहत नाही.

कॉलेजात एकांकिकेत उतरले आणि कळलं, मला अभिनय फारसा येतच नव्हता. सेटवर वाक्य ऐनवेळी कानावर पडायचं, बाकी काम क्लोजअप करायचा. इथे पाऊण तासाची संहिता पाठ हवी, आवाज शेवटच्या रांगेपर्यंत जायला हवा. पहिल्या तालमीला दिग्दर्शक मागच्या भिंतीशी जाऊन उभा राहिला आणि म्हणाला, "काहीच ऐकू येत नाहीये, पुन्हा बोल." तीन आठवडे मी तेच एक वाक्य त्या भिंतीकडे पाहून म्हणत होते.