युरोपचे 'तसले' आर्ट पिक्चर बघायचे कसे

आमच्या फिल्म सोसायटीत 'फॉरेनचा पिक्चर आहे, कट नाहीये' एवढं कळलं की हॉल फुल्ल, आणि पाऊण तासात निम्मा रिकामा. कारण जे बघायला लोक यायचे ते दिसायचंच नाही. तर पहिलं म्हणजे 'सीन कधी येतोय' करत बसू नका, दिग्दर्शक काय लपवतोय तिकडे बघा.

सुरुवात दिग्दर्शक लुई बुन्युएलच्या 'बेल द जूर'पासून करा, 1967 चा आहे. पॅरिसमधल्या डॉक्टरची बायको, नवऱ्याशी जवळीक जमत नाही आणि दुपारी गुपचूप कुंटणखान्यात कामाला जाते, बस एवढीच गोष्ट. त्यात एक गिऱ्हाईक छोटी डबी घेऊन येतं, उघडतं, आतून गुणगुण आवाज येतो, आत काय आहे ते आपल्याला शेवटपर्यंत दाखवत नाहीत. लोक बुन्युएलला आयुष्यभर तेच विचारत राहिले आणि तो म्हणायचा, तुम्हाला हवं ते समजा! पिक्चरला बॅकग्राउंड म्युझिक नाही, त्यामुळे कान उघडे ठेवा, बग्गीच्या घंटा वाजल्या की समजायचं, बाईच्या मनातलं चालू झालं. पण खरं कुठलं आणि मनातलं कुठलं हे शेवटी तोही गुंडाळूनच ठेवतो, चिडू नका.

मग फ्रेंच दिग्दर्शक लुई मालचा 'ले झामाँ', 1958. आज बघाल तर म्हणाल यात काय एवढं, पण अमेरिकेत ओहायोमधल्या थिएटर मॅनेजरला यासाठी दंड झाला आणि केस 1964 मध्ये पार सुप्रीम कोर्टात गेली, तिथे तो सुटला. अश्लील म्हणजे काय ते शब्दांत सांगता येणार नाही पण दिसलं की कळतं, आणि हा पिक्चर तसला नाही, असं एका जजने लिहिलंय.

आणखी एक, नजर कुणाची आहे ते विचारा. 'लास्ट टँगो इन पॅरिस' (1972) मध्ये कॅमेरामन स्तोरारोचा नारिंगी उजेड काय सुंदर आहे, पण 19 वर्षांच्या नायिकेला, मारिया श्नायडरला, त्या बदनाम सीनमधला एक तपशील मुद्दाम आधी सांगितला नव्हता, हे दिग्दर्शक बर्तोलुच्चीने नंतर स्वतः कबूल केलं. मला तो आता आधीसारखा बघवत नाही. त्यावर उतारा म्हणून सेलीन सियामाचा 2019 चा 'पोर्ट्रेट ऑफ अ लेडी ऑन फायर' लावा. चित्रकार मॉडेलकडे बघतेय, मॉडेलपण तेवढीच रोखून तिच्याकडे, आणि सगळा ताण त्या बघण्यातच.

आणि हेडफोन लावाच. घरचे ऐकतील म्हणून नाही हो, लॅपटॉपच्या स्पीकरवर त्या बग्गीच्या घंटा निसटतात.