बुरशीशी बोलणारं यंत्र: विज्ञान प्रदर्शनासाठी घरच्या घरी मॉडेल कसं करायचं

भाचीच्या शाळेत यंदा विज्ञान प्रदर्शनाला भविष्यातलं यंत्र असा विषय होता. तिने ठरवलं की ठाण्याजवळच्या येऊरच्या जंगलात पायाखाली बुरशीच्या तंतूंचं जे जाळं असतं त्याच्याशी बोलणारा डबा करायचा, नाव पण तिनेच दिलं, तंतुवाणी. असा डबा आज जगात कुठेच नाहीये, पण त्यातला ऐकायचा भाग खरंच बनवता येतो, म्हणून आम्ही अर्धं कल्पनेतलं आणि अर्धं चालणारं असं मॉडेल केलं, ठाण्यातल्या आमच्या वन बीएचकेमध्ये.

आधी थोडं समजून घ्या. आपल्याला दिसते ती छत्री म्हणजे नुसतं फळ, खरी बुरशी म्हणजे माती-लाकडात पसरलेले पांढरे तंतू. या तंतूंमधून विजेचे बारीक, फार हळू ठोके जातात. ब्रिस्टलचे संशोधक अँड्र्यू अॅडमाट्स्की यांनी २०१८ मध्ये गुलाबी धिंगरी (ऑयस्टर) अळंबीत दोन प्रकारचे ठोके नोंदवले, एक साधारण २.६ मिनिटांनी येणारा आणि दुसरा १४ मिनिटांनी. मग २०२२ मध्ये त्यांनी दुसऱ्या चार जातींचा अभ्यास छापला, त्यात ठोक्याची उंची ०.०३ ते २.१ मिलिव्होल्ट आणि एकेक ठोका १ ते २१ तास चाललेला. ठोक्यांचे गट पाडून त्यांना त्यांनी शब्द म्हटलं, पण ती गणिती मांडणी आहे, कुठल्याही शब्दाचा अर्थ त्यात लावलेला नाही. हे पोस्टरवर स्पष्ट लिहाच.

पायरी १, बॅग. येऊरला जाऊन उकरू नका, ते नॅशनल पार्क आहे, तिथलं काही उचलायचं नाही आणि सुया तर अजिबात खुपसायच्या नाहीत. धिंगरीचं बियाणं म्हणजे स्पॉन विकत मिळतं. भाताचा पेंढा रात्रभर भिजवा, गरम पाण्यातून काढा, निथळा आणि भोकं पाडलेल्या प्लास्टिक पिशवीत पेंढा-स्पॉन-पेंढा असे थर लावा. गुलाबी धिंगरीला उकाडा चालतो म्हणून आपल्याकडे तीच घ्या. दोन-तीन आठवड्यांत पिशवी आतून पांढरी होते. सोबत स्पॉन न घातलेली तशीच एक ओल्या पेंढ्याची पिशवी पण भरा, का ते पुढे सांगतो.

पायरी २, सर्किट. दोन अॅक्युपंक्चरच्या स्टीलच्या सुया पांढऱ्या भागात एक-दोन सेंटीमीटर अंतरावर टोचा. ईएसपी३२ बोर्ड (प्रोग्रॅम चालवणारा छोटा कंट्रोलर) आणि एडीएस१११५ मॉड्यूल (बारीक व्होल्टेज मोजून त्याचा आकडा देणारं) लागेल, आम्ही दादरला गाडी बदलून ग्रँट रोडला उतरलो आणि लॅमिंग्टन रोडवरून आणलं. ३.३ व्होल्ट आणि ग्राउंडच्या मध्ये १० किलोओहमचे दोन रेझिस्टर लावा, त्यांच्या मधल्या जोडावर एक सुई आणि मॉड्यूलची ए१ पिन, दुसरी सुई ए० ला, आणि ए० व ए१ मधला फरक मोजा. मॉड्यूलचा गेन, म्हणजे सिग्नल किती पट वाढवायचा ते, १६ ठेवा, मग मोजमापाची एक पायरी साधारण ०.००८ मिलिव्होल्टची होते, म्हणजे अगदी छोटा ठोका पण तीन-चार पायऱ्या तरी हलतो. सेकंदाला एक सरासरी आकडा पुरे.

पायरी ३, नॉइज म्हणजे सिग्नलमध्ये मिसळणारी विजेची गडबड घालवणं. इथे आमचे चार दिवस गेले. पहिल्या रात्री ग्राफ नुसता थयथयाट करत होता आणि भाची नाचत होती की मामा बोलतेय बोलतेय, पण ती बुरशी नव्हती, घरातल्या वायरिंगचा ५० हर्ट्झचा गुणगुणाट होता, फ्रीज चालू झाला की आणखी वाढायचा. मग पुठ्ठ्याच्या खोक्याला सगळीकडून अॅल्युमिनियम फॉइल लावलं, फॉइल सर्किटच्या ग्राउंडला जोडलं, वायरी आखूड करून पिळ दिला आणि लॅपटॉप सोडून पॉवर बँकवर चालवलं (काही पॉवर बँक कमी करंट बघून आपोआप बंद होतात, रात्रभर ठेवायच्या आधी तपासा, आमची एक पूर्ण रात्र तशीच वाया गेली).

आता ती दुसरी पिशवी. त्याच सुया तसंच खोकं वापरून नुसत्या ओल्या पेंढ्यावर पण एक रात्र मोजा. सुई आणि पाणी भेटलं की व्होल्टेज हळूहळू सरकतंच, पेंढा सुकला की आणखी सरकतं, त्यात बुरशीचा काही हात नसतो. ही तुलना केली नाही तर तुमच्या ग्राफला काहीच किंमत नाही, कितीही सुंदर दिसू दे. परीक्षकांनी आम्हाला पहिला प्रश्न हाच विचारला.

पायरी ४, बोलणं. २०२४ मध्ये कॉर्नेल विद्यापीठातल्या टीमने किंग ऑयस्टर या धिंगरीच्याच एका जातीच्या बुरशीच्या सिग्नलवर रोबो चालवला आणि त्यावर अतिनील प्रकाश टाकून त्याची चाल बदलली. लहान मुलांसोबत अतिनील दिवा नको, आम्ही साधा एलईडी टॉर्च आणि थेंबभर पाणी वापरलं. दहा मिनिटं उजेड, मग दोन तास नुसतं बघायचं, वेळ वहीत लिहायची. एकदा झालं म्हणून उत्तर मिळालं असं धरू नका, निदान पाच वेळा करा आणि पेंढ्याच्या पिशवीवर पण तेच करा.

पायरी ५, कल्पनेतला भाग. डब्याच्या स्क्रीनवर भाचीला पाऊस आला, भूक लागली अशी वाक्यं हवी होती. मी म्हटलं ती वेगळ्या रंगात दाखव आणि वर कल्पना असं लिही, खऱ्या ग्राफची जागा वेगळी ठेव. जंगलात झाडं बुरशीतून एकमेकांशी बोलतात हे आपण सगळीकडे वाचतो, पण जंगलांचा अभ्यास करणाऱ्या जस्टिन कार्स्ट आणि सहकाऱ्यांनी २०२३ मध्ये दाखवलं की त्यातल्या बऱ्याच दाव्यांना प्रत्यक्ष जंगलातला पुरावा कमी आहे. आवडत्या गोष्टीबद्दल जास्त जपून बोलायचं असतं हे तिला पटलं, मला त्याचाच जास्त आनंद झाला.

छत्र्या सपाट व्हायच्या आधी कापा, नाहीतर बीजाणू उडतात आणि दमा-अॅलर्जीवाल्यांना त्रास होतो. सुया टोचलेल्या पिशवीतली अळंबी खायची नाही. आणि प्रदर्शनाला बॅग रिक्षातून नेणार असाल तर आदल्या संध्याकाळीच नेऊन सुया टोचून ठेवा, नव्याने टोचलेल्या सुईचा आकडा स्थिर व्हायला काही तास लागतात.