फायर एनओसीचा वाद: सोसायट्यांनो, या चुका टाळा

ताडदेवच्या विलिंग्डन व्ह्यू सोसायटीची इमारत 34 मजल्यांची. 17 व्या मजल्यापासून वर ओसी, म्हणजे राहायला वापरण्याचा पालिकेचा दाखला, नाही आणि अख्ख्या इमारतीला फायर एनओसी, म्हणजे अग्निशमन दलाचं ना-हरकत पत्र, नाही. जुलै 2025 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने वरचे मजले दोन आठवड्यांत रिकामे करायला सांगितले आणि 1 ऑगस्टला सर्वोच्च न्यायालयानेही दिलासा दिला नाही. ‘इतकी वर्षं राहतोय, आता कोण बाहेर काढणार?’ हा अनेक सोसायट्यांचा भरवसा तिथेच संपला. माझ्या मते हीच सगळ्यात महागात पडणारी चूक आहे.

तात्पुरत्या एनओसीलाच अंतिम समजणं

नकाशे मंजूर होताना अग्निशमन दल जी एनओसी देतं ती अटींची यादी असते: जिने किती, पाण्याची राखीव टाकी किती लिटरची, रेफ्युज एरिया, म्हणजे आगीत थांबायची मोकळी जागा, कोणत्या मजल्यांवर. त्या अटी पुऱ्या झाल्याचं पत्र वेगळं असतं आणि ओसीसाठी तेच लागतं. बिल्डर पहिलं पत्र दाखवतो, आपण पेढे वाटतो. दोन्ही पत्रं मागा आणि पहिल्यातली एकेक अट जागेवर जाऊन ताडून पाहा.

सगळ्या त्रुटी एकाच गाठोड्यात बांधणं

अग्निशमन दलाची नोटीस आली की मीटिंगमध्ये पहिला सूर लागतो, ‘बिल्डरवर केस करा.’ थांबा. आधी नोटिशीतल्या त्रुटी तीन ढिगांत वेगळ्या करा. दुसरा जिना बांधलाच नाही, रेफ्युज एरियात खोली काढून विकली, हे बिल्डरचं. पंप बंद, होज रील (आगीवर पाणी मारायचा गुंडाळलेला पाइप) कुजलेली, हे सोसायटीचं. डक्ट (पाइप-वायरींची उभी पोकळी) बंद केला, जिन्यात चपलांचं कपाट ठेवलं, हे त्या सभासदाचं.

ढीग वेगळे केले की दाद कुठे मागायची हेही ठरतं. रेरा, म्हणजे घरखरेदीदारांच्या संरक्षणाच्या कायद्याखाली येणारा प्रकल्प असेल आणि ताब्याला पाच वर्षं झाली नसतील, तर कलम 14(3) खाली बिल्डरला दोष दुरुस्त करून द्यावा लागतो. ऐकत नसलेल्या सभासदासाठी सहकार न्यायालय आहे. पंपाच्या खर्चासाठी मात्र सर्वसाधारण सभाच घ्यावी लागते, तिथे कुठलंही कोर्ट कामाला येत नाही.

आणि हे कमिटीतल्या प्रत्येकाने लक्षात ठेवावं: बिल्डरशी भांडण चालू आहे म्हणून नोटिशीची मुदत थांबत नाही. महाराष्ट्राच्या 2006 च्या अग्निसुरक्षा कायद्यात जबाबदारी मालकाची आणि तिथे राहणाऱ्याचीही आहे. परळच्या क्रिस्टल टॉवरमध्ये 22 ऑगस्ट 2018 ला आग लागून चार माणसं गेली. त्या इमारतीला ओसी नव्हती आणि आग विझवायची यंत्रणाही चालत नव्हती. निकालाची वाट पाहत पंप बंद ठेवणाऱ्या सोसायटीचा मला म्हणूनच राग येतो. आधी दुरुस्ती करा, बिलं आणि फोटो जपा, वसुली मागाहून मागा.

‘मुदत गेली’ म्हणून गप्प बसणं

मुंबईच्या समृद्धी सोसायटीतल्या लोकांनी 1997 मध्ये ओसीशिवाय ताबा घेतला होता. ओसी नाही म्हणून मालमत्ता कर 25 टक्के जास्त, पाणीपट्टी 50 टक्के जास्त. राष्ट्रीय ग्राहक आयोगाने त्यांची तक्रार मुदतबाह्य ठरवली. 11 जानेवारी 2022 ला सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की ओसी न देणं ही रोज चालू राहणारी चूक आहे, आणि तक्रार पुन्हा ऐकायला लावली. जिथे फायर एनओसीवाचून ओसी अडली आहे, तिथे हा निकाल वकिलापुढे जरूर ठेवा.

फॉर्म बी फक्त फायलीला लावणं

आग विझवायची यंत्रणा चालू असल्याचं परवानाधारक एजन्सीचं हे प्रमाणपत्र दर जानेवारी आणि जुलैत द्यायचं असतं. आमच्या कमिटीकडे ते नियमित येत होतं. एका रविवारी आम्ही स्वतः वरच्या मजल्यावरचा व्हॉल्व्ह उघडला, तर पाण्याचा थेंब नाही. पंपाचं बटण मॅन्युअलवर होतं, म्हणजे पंप आपोआप सुरू होणारच नव्हता. तेव्हापासून सही होण्याआधी दोन सभासद एजन्सीच्या माणसाबरोबर वर जातात, पाणी सुटताना व्हिडिओ काढतात.

नोटिशीला तोंडी उत्तर देणं

साहेबांना भेटून आलो, एवढ्याने काही होत नाही. दिलेल्या मुदतीत लेखी उत्तर द्या, आवक शिक्का घ्या. सोबत सभेचा ठराव, एजन्सीचं कोटेशन, भरलेल्या आगाऊ रकमेची पावती आणि कोणतं काम कोणत्या तारखेला पुरं होईल याचा तक्ता जोडा. जादा मुदत मागायची तर याच कागदांच्या आधारे मागा, आणि पत्र जाण्याआधी जिना मोकळा करून घ्या. त्याला ना कोटेशन लागतं, ना ठराव.